श्वास पुरेल एवढी चाल

लहान मुलांसाठी संगीत करते असं सांगितलं की फोंड्यात पुढचा प्रश्न ठरलेला असतो, "म्हणजे गॅदरिंगचं?" सुरुवात तिथूनच झाली आणि मला ती फार मोलाची वाटते. गोव्यात मराठी शाळेचं स्नेहसंमेलन असो, देवळाच्या उत्सवातलं बालनाट्य असो की चवथीच्या मंडपातली समूहगीतं असोत, पेटी धरायला कुणीतरी लागतंच. आमच्या घरी पेटी होती, मामा भजनाला साथ करायचे, त्यामुळे शाळेत असतानाच ते काम माझ्याकडे आलं. पुढे कांपालच्या कला अकादमीत रीतसर गाणं शिकले, शाळेत संगीतशिक्षिका झाले, एका वाहिनीवरच्या मुलांच्या कार्यक्रमाचं शीर्षकगीत मिळालं, त्यातून अ‍ॅनिमेशन मालिका आणि मग बालचित्रपट. अशी ओळीने मांडली की वाट सरळ दिसते. पण या कामात रोज लागणाऱ्या बहुतेक गोष्टी मला मुलांनी, वादकांनी आणि संकलकांनी शिकवल्या. त्याच इथे लिहिते, कारण गाणं शिकून बाहेर पडलेली मुलं अलीकडे वरचेवर विचारायला येतात की या क्षेत्रात शिरायचं कसं.

आधी गळा. मोठी माणसं मुलांना आपल्या पट्टीत गायला लावतात. शिक्षक काळी एकमध्ये, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीला षड्ज धरून गाणारे असले की मुलं त्यांच्या एक सप्तक वर गातात आणि अंतरा तार षड्जाला, म्हणजे वरच्या सप्तकातल्या षड्जाला टेकेपर्यंत वर्गभर ओरडा सुरू होतो. पालकांना तो उत्साह वाटतो, पण त्यात मुलांचा घसा सोलवटतो. सात ते दहा वर्षांच्या मुलांसाठी मी षड्ज त्या वरच्या काळी एकच्या खाली येणाऱ्या काळी चारच्या आसपास धरते. षड्जाच्या लगेच खालच्या मंद्र निषादाच्या खाली उतरत नाही, कारण तिथे मुलांचा आवाज नुसती हवा होतो. तार गंधार लागलाच तर एखाद्या जागी, तोही सरळ चढून, उडी मारून नव्हे. या वयात मुलगा आणि मुलगी यांच्या आवाजात पट्टीचा फरक नसतो, त्यामुळे दोघांना वेगळं बसवायची गरजच नाही.

पट्टीपेक्षाही अवघड प्रश्न श्वासाचा. मूल नाचत, उड्या मारत गाणार असेल तर मध्यलयीत आठ मात्रांनंतर त्याला हवा लागते. त्या जागी शब्द ठेवला की तो गिळला जातो, मग तो कितीही सुंदर असो. एका शीर्षकगीताची चाल मी दुसरीच्या वर्गात म्हणून घेत होते. पहिल्या दोन ओळी खणखणीत यायच्या आणि तिसरीत अर्धा वर्ग गप्प व्हायचा. मी कारण विचारलं तर पुढच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "टीचर, म्हजो श्वास पावना," म्हणजे माझा श्वास पुरत नाही. एवढं नेमकं निदान कुठल्या जाणकाराने केलं नसतं. त्या ओळीत दोन जोडाक्षरं लागोपाठ आली होती आणि मध्ये कुठे थांबायला जागा नव्हती. कवींना फोन केला, त्यांनी एक विशेषण काढून टाकलं, दोन मात्रा मोकळ्या झाल्या. आज मालिका पाहणारी मुलं ती ओळ सर्वांत मोठ्याने म्हणतात.

तेव्हापासूनचा माझा परिपाठ असा आहे. चाल झाली की स्टुडिओत न्यायच्या आधी एखाद्या वर्गात नुसत्या टाळीवर शिकवायची. पेटी घ्यायची नाही, कारण पेटी मुलांना सांभाळून घेते आणि चालीतली कमकुवत जागा झाकली जाते. मग आठवडाभर विषय काढायचा नाही. पुढच्या तासाला म्हणायला सांगायचं आणि त्यांनी काय बदललं ते वहीत टिपायचं. एकदा मी धृवपदाच्या शेवटी कोमल निषादावरून एक छोटं वळण घातलं होतं, मला स्वतःला ते फार आवडलं होतं. आठवड्यानंतर अख्ख्या वर्गाने ते वळण सोडून सरळ धैवतावरून पंचमावर उडी घेतली होती. सांगून कुणी केलं नव्हतं, सगळ्यांच्या तोंडी आपसूक तसंच बसलं होतं. मी ते तसंच ठेवलं आणि माझा कोमल निषाद मधल्या संगीतात बासरीला दिला. चाल एकदा मुलांच्या तोंडात फिरली की तिचे कोपरे झिजतात, आणि झिजून जे उरतं तेच पाठ होतं. मंगेशीच्या दीनानाथांच्या कन्या मीनाताई खडीकर यांनी बांधलेली बालगीतं मी पेटीवर कितीदा तरी वाजवून पाहिली आहेत. कानाला ती साधी वाटतात, पण श्वासाची जागा प्रत्येक ओळीत राखलेली सापडते. इतका विचार करून केलेल्या कामाला अजून लोक 'हलकंफुलकं' म्हणून बाजूला ठेवतात, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

दुसरं शिक्षण दक्षिण गोव्यातल्या सासष्टीत झालं. हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदात गोव्याच्या वादकांनी काय केलं हे इथे घरोघर माहीत आहे. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशन यांच्याकडे संयोजन करणारे सेबॅस्टियन डिसोझा. चर्चच्या शाळांमधून लहानपणीच सोल्फेज, म्हणजे लिहिलेले स्वर वाचून गाणं, आणि व्हायोलिन शिकलेली ही पिढी. संगीतकार तोंडी चाल सांगायचे आणि हे लोक ती चाळीस व्हायोलिनना वाजवता येईल अशी कागदावर उतरवायचे. मला आपल्या संगीताची भातखंडे स्वरलिपी येत होती, पण समोर चार तंतुवादक तासाच्या दराने बसलेले असताना ती उपयोगाची नाही. त्यांना पाच रेघांवरचं लेखन लागतं, व्हिओला या व्हायोलिनपेक्षा खालच्या सुरांच्या वाद्याला तिची वेगळी क्लेफ, म्हणजे कुठल्या रेघेवर कुठला स्वर हे सांगणारी खूण लागते, गज कुठे वर कुठे खाली याच्या खुणा लागतात. मडगावच्या बाजूला एक वयस्क व्हायोलिन शिक्षक आहेत, त्यांच्याकडे शनिवारी जाऊन ते शिकले. ते माझं लिखाण वाजवून दाखवायचे आणि बोट अडखळलं की काही न बोलता पेन्सिल पुढे करायचे.

शीर्षकगीत आणि पार्श्वसंगीत ही दोन पूर्ण वेगळी कामं आहेत. गाण्यात चाल राज्य करते आणि पार्श्वसंगीतात चित्र. मुलांच्या अ‍ॅनिमेशन मालिकेत अर्ध्या तासाच्या वेळेत साधारण अकरा-अकरा मिनिटांच्या दोन गोष्टी बसवतात. आधी कच्च्या रेखाटनांची हलती प्रत येते, तिला अ‍ॅनिमॅटिक म्हणतात. दिग्दर्शकाबरोबर बसून ती सेकंदासेकंदाने पाहायची आणि संगीत कुठे सुरू, कुठे बंद, कुणाच्या बाजूने, हे ठरवायचं. या बैठकीला स्पॉटिंग म्हणतात. माझ्या मते निम्मं संगीत इथेच होतं. पुढे पेटीसमोर बसून करायचं ते निम्मंच.

मग फ्रेमचा हिशेब. चित्रपटात सेकंदाला २४ फ्रेम, आपल्याकडच्या टीव्हीत २५. अ‍ॅनिमेशनमधलं साधं चालणं बहुतेक वेळा एका पावलाला १२ फ्रेम असं काढतात. २४च्या हिशेबात हे मिनिटाला १२० ठोके झाले. तेच पाऊल २५च्या हिशेबात १२५ होतं. म्हणजे तेच पात्र त्याच ऐटीत चालत असलं तरी मालिकेसाठी बांधलेली लय चित्रपटात जशीच्या तशी नेली तर दहाव्या पावलापर्यंत चित्र आणि ठोका यांची फारकत होते. टीव्हीसाठी मला १०० हा वेग आवडतो, कारण एक मात्रा बरोबर १५ फ्रेमची होते आणि अपूर्णांक उरत नाही.

या गणितात आपल्या तालाचं शिक्षण कसं कामी येतं हे मी मुंबईच्या एका संकलकाला दाखवलं तेव्हा तो खूश झाला. समजा, माकड फांदीवरून घसरून बरोबर अमुक फ्रेमला जमिनीवर आपटणार आहे. तो क्षण म्हणजे सम, तालाची पहिली, जोराची मात्रा. तीन मात्रांचा पल्ला, म्हणजे बोलांचा तुकडा घ्यायचा, तिसऱ्या मात्रेवर धा, मध्ये दम न घेता तीनदा म्हणायचा. हीच तिहाई. पहिल्या बोलापासून शेवटचा धा आठ मात्रांनी येतो. १२५च्या लयीत एक मात्रा १२ फ्रेमची, म्हणून आपटण्याच्या ९६ फ्रेम आधी, चार सेकंदांना किंचित कमी असताना, तिहाई उचलायची. मुलांना तिहाई काय ते माहीत नसतं, पण दुसऱ्या पल्ल्यालाच त्यांना कळतं की आता काहीतरी होणार, आणि माकड पडायच्या आधीच ती हसायला लागतात. तबला शिकणाऱ्या मुलांनी या कामाकडे जरूर वळावं असं मी त्यासाठीच सांगत असते.

चित्रातल्या प्रत्येक हालचालीवर वाद्य वाजवायच्या पद्धतीला मिकीमाउसिंग म्हणतात. पापणी लवली की झायलोफोन, मान वळली की बासरी. निर्मात्यांना ते फार हवं असतं. पण अकरा मिनिटं तेच चाललं तर मुलाला कशाकडे बघायचं ते कळेनासं होतं. मी एका प्रसंगात एकच जागा निवडते आणि बाकीचं संगीत पात्राच्या मनःस्थितीबरोबर ठेवते.

शांततेसाठी मात्र भांडावं लागतं. संकलनात तात्पुरतं म्हणून दुसरंच कुठलं तरी संगीत लावलेलं असतं. महिनाभर ते ऐकून सगळ्यांच्या कानात मुरतं आणि मग तिथे रिकामी जागा सोडायची म्हटली की सगळ्यांना काहीतरी चुकल्यासारखं वाटतं. एका गोष्टीत आजी नातवाला सांगते की त्यांचं म्हातारं कुत्रं आता परत येणार नाही. तिथे सगळ्यांना व्हायोलिन हवं होतं. मी दिग्दर्शिकेला म्हटलं, मुलाला हे वाक्य नीट ऐकू दे, त्याला काय वाटायला हवं ते आपण आधीच ठरवून देऊ नये. वाक्य संपल्यावर नऊ सेकंद फक्त घरातला पंखा आणि बाहेरचा पाऊस ठेवला. त्यानंतर एकटी सतार आली. वाहिनीकडून फेरबदलांची यादी आली तेव्हा या जागेवर काहीच शेरा नव्हता, याचा मला झालेला आनंद अजून आठवतो.

संवादांखाली वाजणाऱ्या संगीताचं आणखी एक पथ्य आहे. शब्द कळतो तो व्यंजनांमुळे, आणि ती बरीचशी दोन ते चार हजार हर्ट्झच्या पट्ट्यात असतात. बालकलाकारांचे आवाज मुळातच उंच, त्यावर बासरी आणि घंटा घातल्या की लहान टीव्हीवर शब्द धुऊन जातात. म्हणून बोलणं चालू असताना माझी चाल खाली उतरते: व्हिओला, सरोद, क्लॅरिनेटचं खालचं सप्तक. बासरी बोलणं संपल्यावर येते.

आता घुमट. गोव्याच्या गोष्टीत घुमट नको असं मला म्हणताच येणार नाही. २०१९ साली सरकारने त्याला राज्याचं वारसा वाद्य म्हणून मान्यता दिली, पण आमच्या घरी चवथीची आरती त्याच्याशिवाय कधी झालीच नाही. मातीचं मडकं, दोन्ही तोंडं उघडी, मोठ्या तोंडावर कातडं. पूर्वी ते घोरपडीचं असायचं. वन्यजीव संरक्षण कायद्याने ती मारायला बंदी आहे, आता बकऱ्याचं वापरतात. उजवा हात कातड्यावर आणि डाव्या हाताचा तळवा लहान तोंडावर उघडझाप करतो, त्या उघडझापीने नाद फुगतो आणि आकसतो. पहिल्यांदा मुंबईच्या एका ध्वनिमुद्रकाने एकच माइक कातड्यासमोर लावला आणि आवाज डब्यासारखा आला. मी वादकाला डाव्या बाजूने वळून बसायला सांगितलं आणि दुसरा माइक लहान तोंडाच्या खाली वीतभर अंतरावर ठेवायची विनंती केली. तेव्हा कुठे आतला घुमारा पकडला गेला. पावसाळ्यात कातडं ढिलं पडतं, म्हणून वादक दर दोन टेकनंतर बाहेर जाऊन शेगडीवर ते शेकून आणायचा. त्या वेळाचे पैसे अंदाजपत्रकात आधीच धरायला हवेत, हे निर्मात्यांना पटवायला दरवेळी थोडं बोलावं लागतं. घुमट, शामेळ हे चर्मवाद्य आणि कासाळं म्हणजे झांजा यांचं एकत्र वादन, म्हणजे सुवारी, ऐकली की मुलं आपोआप पाय आपटायला लागतात, त्यामुळे पाठलागाच्या प्रसंगाला मला दुसरं काही शोधावं लागत नाही.

मुलांचं रेकॉर्डिंग हा या कामातला सर्वांत नाजूक भाग. शाळा सुटल्यावर मुलं भुकेली येतात, त्यांना आधी खायला घालायचं, पण दूध आणि थंड काही नको. हेडफोन एकाच कानावर, दुसरा कान शेजारच्या मुलासाठी मोकळा. सहा-सहाच्या गटात अर्धगोलात उभं करायचं. चांगला टेक बहुधा तिसरा किंवा चौथा असतो, त्यानंतर आवाज स्वच्छ होतो पण चेहरा उतरतो, आणि ते ऐकू येतं. कायदाही नीट वाचलेला बरा. बालमजुरीच्या कायद्यात २०१६ साली झालेल्या दुरुस्तीनंतरच्या नियमांनुसार मुलाकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते आणि मिळकतीतली किमान २० टक्के रक्कम मुलाच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवावी लागते. गाणी म्हणणारी मुलं यात धरायची की नाही असा वाद काही जण घालतात. मी धरते. पालकांसमोर हिशेब ठेवला की पुढच्या वेळी तेच पालक स्वतःहून मुलांना घेऊन येतात.

मालिका इतर भाषांत डब होते, म्हणून सगळं सुटं सुटं द्यावं लागतं: ताल वेगळा, तंतुवाद्यं वेगळी, समूहस्वर वेगळे, आणि शब्दांशिवायचं पूर्ण संगीत. तमिळमध्ये त्याच ओळीत जास्त अक्षरं येणार हे धरून चालीत एखादा लांब स्वर ठेवला तर तो तिथे फोडता येतो. हे तांत्रिक काम कंटाळवाणं आहे, पण ते वेळेवर आणि नीट नावं घालून दिलं म्हणून मला दुसरा हंगाम मिळाला, असं निर्मितीप्रमुखांनी स्वतः सांगितलं.

पैशाबद्दल इथे उघड बोललं जात नाही, म्हणून मी बोलते. एका निर्मात्याने पाठवलेल्या करारात सर्व हक्क कायमचे आणि जगभरासाठी, एकरकमी मानधनात, असं कलम होतं. संगीतकाराने आनंदाने सही करावी अशीच त्यांची समजूत होती. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात झालेल्या दुरुस्तीमुळे चित्रपट चित्रपटगृहात दाखवला जातो तेवढा वापर सोडला तर इतर वापरांच्या रॉयल्टीत समान वाटा घ्यायचा संगीतकाराचा आणि कवीचा हक्क टिकतो. तो वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला सोडून दुसऱ्या कुणाला लिहून देता येत नाही, दिला तरी ते कलम निरर्थक ठरतं. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षांची आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता धरला जातो. मी हे कलमासकट लिहून पाठवलं, थोडी कुरबूर झाली आणि मसुदा बदलून आला. संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेचं सभासदत्व मात्र आपणच घ्यायचं असतं, आणि कुठल्या भागात किती सेकंद कुठलं संगीत वाजलं याची क्यू शीट आपणच तयार करून पाठपुरावा करायचा असतो. ती दिली गेली नाही तर गाणं रोज सकाळी घरोघर वाजत असलं तरी खात्यात काही येत नाही.

बालचित्रपटांचं अर्थकारण तर त्याहून अवघड. १९५५ साली स्थापन झालेली बालचित्रपट संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. मुलांच्या चित्रपटाला चित्रपटगृह मिळणं कठीणच आहे, त्यामुळे संगीताला उरतं ते थोडंच. शाळेची नोकरी मी म्हणूनच सोडलेली नाही, आणि ती सोडावी असं मला वाटतही नाही, कारण वर्ग नसेल तर चाल तपासायची कुठे?

सध्या एका मराठी बालचित्रपटाचं काम चालू आहे. डिचोलीकडच्या खेड्यातली गोष्ट, पाच गाणी, चार तंतुवादक, एक घुमट आणि माझ्याच शाळेतली वीस मुलं. तिसऱ्या गाण्याची दुसरी ओळ मुलांनी बदलली आहे, कवींकडून उत्तर यायचं आहे. घुमटवादक चवथ होईपर्यंत हाती लागणार नाही आणि त्यानंतर सहामाही परीक्षा, त्यामुळे रेकॉर्डिंग दिवाळीच्या सुटीत धरलं आहे. जिल्हाधिकारी कार्यालयाला द्यायचा अर्ज टाइप करून ठेवला आहे. पालकांच्या सह्या तेवढ्या राहिल्या आहेत.